जपानी कथांतला ‘इजिमे’ कसा वाचावा

गेल्या उन्हाळी सुट्टीत अमळनेरला आम्ही आठवी-नववीच्या मुलांसाठी एक लहानसा वाचनवर्ग चालवला आणि मुलांच्याच आग्रहाने त्यात जपानी मांगा, म्हणजे तिकडच्या चित्रकथा, आणि त्यांवर निघालेले ॲनिमे, म्हणजे ॲनिमेशनच्या मालिका आणि चित्रपट, घेतले. तिसऱ्या दिवशी, वर्गाने एकट्या पाडलेल्या एका मुलीची गोष्ट वाचून झाल्यावर, मागे बसलेल्या एका विद्यार्थिनीने विचारले, ‘‘सर, तिला तर कोणी मारलंच नाही. मग हा छळ कसा?’’ त्या क्षणी मला नीट उत्तर देता आले नाही, कारण तोवर मीही या कथांमधले ढकलाढकलीचे आणि मारहाणीचे प्रसंग तेवढे टिपून ठेवत होतो आणि त्यांच्या आजूबाजूला गप्प बसलेल्या तीस-पस्तीस मुलांकडे पाहतच नव्हतो. पुढे जे लिहिले आहे ते या कथा मुलांसोबत किंवा एकट्याने वाचू इच्छिणाऱ्या शिक्षक, पालक आणि ग्रंथपालांसाठी आहे. या कथा मारणाऱ्यापेक्षा पाहणाऱ्यांबद्दल अधिक बोलतात, असे माझे मत त्या सुट्टीत झाले आणि खालची सगळी पद्धत त्याच मतावर उभी आहे.

सुरुवात शब्दापासून

‘इजिमे’ हे नाम ‘इजिमेरु’, म्हणजे त्रास देणे, सतावणे, या जपानी क्रियापदापासून आले आहे. वाचायला बसताना त्याचे भाषांतर करण्याची घाई करू नये. ‘चिडवणे’ फार सौम्य पडते. ‘छळ’ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे सासुरवास उभा राहतो. ‘दादागिरी’ला एक दांडगा दादा लागतो, आणि इजिमेच्या कितीतरी कथांत असा दांडगा कोणी नसतोच. ‘रॅगिंग’ हा शब्द आपण महाविद्यालयासाठी राखून ठेवला आहे आणि त्याविरुद्ध महाराष्ट्रात १९९९ पासून कायदाही आहे. माझ्या मते सर्वांत जवळ जाणारा आपला शब्दप्रयोग म्हणजे ‘वाळीत टाकणे’. जपानमध्येही खेड्यातल्या बहिष्काराला ‘मुराहाचिबु’ असा जुना शब्द आहे. गावाने एकमेकांसाठी करावयाच्या दहा कामांपैकी आठ त्या घरासाठी बंद करायची आणि फक्त आग विझवणे व अंत्यविधी एवढी दोन चालू ठेवायची, असा त्याचा अर्थ सांगितला जातो. सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा करण्याची वेळ आपल्या राज्यावरही आली आणि तो २०१७ मध्ये अमलात आला, त्यामुळे मराठी वाचकाला ही कल्पना समजावून सांगावी लागत नाही. मोबाइलवर ‘नारुतो’ ही ॲनिमे मालिका पाहणाऱ्या मुलांना तर ती आधीच ठाऊक असते, फक्त तिला नाव दिलेले नसते. अख्ख्या गावाने तोंड फिरवलेला, झोक्यावर एकटा बसून इतर मुलांकडे पाहणारा तो नायक एका अर्थाने मुराहाचिबुचाच बळी आहे.

शाळेतल्या बोलीत मुद्दाम दुर्लक्ष करण्याला ‘शिकातो’ म्हणतात. हानाफुदा या पारंपरिक पत्त्यांत दहाव्या महिन्याच्या पानावर मान वळवून पाहणारे हरीण असते आणि त्याच्यावरून हा शब्द आला, असे मानतात. तो मुलांना सांगितला की लगेच पाठ होतो, आणि त्याचा फायदा असा की एखाद्या चौकटीत कोणी काहीच करत नसेल तर तिथे ‘काही घडले नाही’ असे न म्हणता ‘शिकातो घडला’ असे म्हणण्याची सवय लागते.

पहिल्या वाचनात एक वही जवळ ठेवावी आणि प्रत्येक प्रसंगासमोर त्याला लागू पडणारे एकच मराठी क्रियापद लिहावे: हसले, नाव ठेवले, वस्तू लपवली, पैसे उकळले, बोलणे टाकले, ढकलले. अख्खी गोष्ट वाचून झाल्यावर ही क्रियापदे वरून खाली वाचली की उतार दिसतो. कित्येकदा सर्वांत दुखावणारे क्रियापद सर्वांत शांत असते. त्या मुलीच्या प्रश्नाचे एक उत्तर जपानी कायद्यातही आहे. २०१३ च्या इजिमे प्रतिबंधक कायद्यात कृती किती जोरकस होती यावर भर नाही, तर ज्याच्याशी ती झाली त्याला शारीरिक किंवा मानसिक वेदना होते की नाही यावर आहे, आणि इंटरनेटवरून होणारा त्रासही त्यातच धरला आहे. चापट मारली गेली की नाही, हा प्रश्न तिथे निर्णायक ठरत नाही.

वर्गखोली आणि वस्तू

अमेरिकी चित्रपटांतली मुले प्रत्येक तासाला खोली बदलतात. जपानी शाळेत, आपल्यासारखेच, मुले बहुतेक वेळ एका खोलीत बसून राहतात आणि शिक्षक बदलतात. प्राथमिक सहा, कनिष्ठ माध्यमिक तीन आणि उच्च माध्यमिक तीन अशी तिथल्या वर्षांची विभागणी आहे आणि शैक्षणिक वर्ष एप्रिलमध्ये सुरू होते. मुले वर्गात बसून जेवण्याची आणि वर्ग स्वतः झाडून-पुसून घेण्याची पद्धतही सर्वत्र दिसते. त्यामुळे एप्रिलमध्ये ज्याच्याशी बिनसले त्याच्यासमोर पुढच्या मार्चपर्यंत बसायचे असते. कथेत कोणता महिना चालू आहे याकडे म्हणून लक्ष द्यावे. चेरीची फुले दिसली तर ती केवळ शोभेसाठी काढलेली नसतात. वर्गरचना नव्याने होत आहे आणि एखाद्याची सुटका होणार आहे किंवा एखादा अडकणार आहे, असा त्यांचा अर्थ जपानी वाचक लावतो.

मात्र एका बाबतीत तिथली खोली आपल्यापेक्षा वेगळी आहे. आपल्याकडे एका बाकावर दोघे-तिघे बसतात, जिल्हा परिषदेच्या अनेक शाळांत तर अजून बस्करपट्टी असते. तिथे प्रत्येकाचे मेज आणि खुर्ची स्वतंत्र असते. म्हणून तिथे मेज हे त्या मुलाचे शरीरच असल्यासारखे वागवले जाते. त्यावर शिव्या लिहितात, ते बाहेर नेऊन टाकतात, किंवा रांगेपासून चार बोटे दूर सरकवतात. ही चार बोटांची फट चित्रकार मुद्दाम काढतो आणि घाईत वाचणाऱ्याच्या नजरेतून ती सुटते. आपल्याकडे हेच काम बाकावरून उठून दुसरीकडे जाऊन बसण्याने होते. आमच्या मुलांना ही तुलना मी सांगितली नव्हती, त्यांनीच ती काढली.

दुसरी वस्तू म्हणजे बूट. शाळेच्या प्रवेशद्वाराशी लाकडी किंवा लोखंडी कप्पे असतात, बाहेरचे बूट तिथे ठेवून आत वापरायचे बूट घालायचे असतात. ते गायब होणे, त्यांत टाचण्या किंवा कचरा सापडणे, ही इजिमेच्या कथेची जवळजवळ ठरलेली पहिली खूण आहे. इथे मराठी वाचक हमखास फसतो, कारण बूट लपवणे ही आपल्याकडे लग्नातली गंमत आहे आणि तो प्रसंग वाचताना ओठांवर हसू येते. ते हसू आले तर त्याला दडपू नये, पण वहीत त्याची नोंद करावी, कारण त्या वर्गातली मुलेही ‘गंमत केली’ असेच म्हणणार असतात.

तिसरी वस्तू फुलदाणी. सकाळी मूल वर्गात येते आणि त्याच्या मेजावर पांढऱ्या फुलाची फुलदाणी ठेवलेली असते. जपानमध्ये वारलेल्या विद्यार्थ्याच्या मेजावर फुले ठेवण्याचा प्रघात आहे. तेव्हा जिवंत माणसाच्या फोटोला हार घालण्यासारखेच हे कृत्य आहे, आणि खानदेशातल्या कोणत्याही घरात एवढे सांगितले की पुढे बोलावे लागत नाही. ही केवळ लेखकांची कल्पना समजू नये. १९८६ मध्ये टोकियोच्या नाकानो भागातील एका कनिष्ठ माध्यमिक शाळेतल्या विद्यार्थ्याने आत्महत्या केली. त्याआधी वर्गात त्याच्या अंत्यविधीचे नाटक करण्यात आले होते आणि निरोपाच्या कार्डावर मुलांबरोबर चार शिक्षकांच्याही सह्या होत्या. जपानी समाजात इजिमेवर जी मोठी चर्चा सुरू झाली तिच्या मुळाशी ही घटना आहे, आणि फुलदाणीचे चित्र पाहणाऱ्या जपानी प्रौढाला त्या सह्यांची आठवण होत असणार, असे मला वाटते.

ॲनिमे पाहत असाल तर पहिली पाच मिनिटे आवाज बंद करून पाहावीत. संवाद नसले की हात, पाय, मेजांमधली अंतरे आणि वळलेल्या माना दिसू लागतात. ‘कोए नो कताची’ या चित्रपटात दिग्दर्शिका नाओको यामादा यांनी कित्येक ठिकाणी चेहऱ्यांऐवजी पायच दाखवले आहेत, आणि मान खाली घालून चालणाऱ्या मुलाला जग असेच दिसत असेल हे कोणी न सांगता समजते.

चार वर्तुळे आखावीत

समाजशास्त्रज्ञ योजि मोरिता यांनी १९८० च्या दशकात इजिमेची चौपदरी रचना मांडली. मधोमध त्रास सोसणारा, त्याच्या भोवती त्रास देणारे, त्यांच्या बाहेर हसून-टाळ्या वाजवून मजा घेणारे प्रेक्षक आणि सर्वांत बाहेर पाहून न पाहिल्यासारखे करणारे. वहीच्या एका पानावर एकात एक अशी चार वर्तुळे काढावीत आणि कथेत नाव असलेल्या प्रत्येक पात्राला पेन्सिलीने एकेका वर्तुळात बसवावे. पेन्सिलच वापरावी, कारण चांगल्या कथेत माणसे जागा बदलतात आणि खोडरबर लागते.

सरावासाठी ‘डोरेमॉन’ घ्यावा, कारण तो दूरदर्शन संचावर हिंदीतून आपल्या घराघरांत आला आहे आणि पाचवीतल्या मुलालाही तो तोंडपाठ असतो. फुजिको एफ. फुजिओ यांची ही चित्रकथा १९६९-७० च्या सुमारास सुरू झाली. नोबिता मधल्या वर्तुळात, जियान दुसऱ्यात. सुनिओ नेहमी तिसऱ्यात असतो, हे मुले पटकन ओळखतात. तो क्वचितच पहिला हात उचलतो, पण जियानच्या मागे उभा राहून हसतो, आणि जियानची मर्जी फिरली की क्षणात मधल्या वर्तुळात ढकलला जातो. शिझुकाला कुठे बसवायचे यावर आमच्या वर्गात अर्धा तास वाद झाला आणि तो मी मिटवला नाही. या चित्रकथेत त्रास विनोदासाठी वापरला आहे आणि डोरेमॉनच्या यंत्राने उगवलेला सूड शेवटी नोबितावरच उलटतो, त्यामुळे मुलांना ती हलकीफुलकी वाटते. पण एवढ्या वर्षांत जियानने घेतलेल्या वस्तूंबद्दल एखाद्या मोठ्या माणसाने जियानला बसवून विचारले आहे असे प्रसंग आठवून पाहा म्हटले, तर मुले गप्प होतात. आई गुणांवरून रागावते, शिक्षक उशिराबद्दल बाहेर उभे करतात. मार खाऊन आलेल्या मुलाला ‘काय झाले’ हा प्रश्न जवळजवळ येतच नाही.

चार वर्तुळांसाठी सर्वांत समृद्ध कथा मात्र योशितोकी ओइमा यांची ‘कोए नो कताची’, म्हणजे ‘आवाजाचा आकार’. मांगा २०१३-१४ मध्ये साप्ताहिकातून आली, तिचे सात खंड झाले आणि क्योतो ॲनिमेशनचा चित्रपट २०१६ मध्ये निघाला. सहावीच्या वर्गात शोको निशिमिया ही कर्णबधिर मुलगी येते. शोया इशिदा हा खोडकर मुलगा तिची श्रवणयंत्रे ओढून फेकतो, तिची वही पाण्यात टाकतो, आणि वर्ग हसतो. श्रवणयंत्रांची भरपाई शोयाच्या आईला १७ लाख येन भरून करावी लागते. मुख्याध्यापक चौकशीला वर्गात येतात तेव्हा वर्गशिक्षक सरळ शोयाचे नाव घेतात, आणि कालपर्यंत हसणारे सर्वजण एका दमात सांगतात की हे सगळे त्यानेच केले. त्या दिवसापासून शोया मधल्या वर्तुळात येतो. त्याचे बूट जातात, त्याच्या मेजावर लिहिले जाते. ते लिहिलेले सकाळी लवकर येऊन पुसणारी मुलगी शोको होती, हे त्याला ती शाळा सोडून गेल्यावर कळते.

या कथेत तीन मुलींवर बोट ठेवून थांबावे. नाओका उएनो उघडपणे त्रासात भाग घेते आणि पुढेही ते नाकारत नाही. मिकी कावाई तोंडाने ‘पुरे आता’ असे म्हणते, हसणाऱ्यांतही असते, आणि चौकशीच्या वेळी आपण काहीच केले नव्हते असे रडून सांगते, बहुधा तिला ते खरेही वाटत असते. मियोको साहारा शोकोसाठी खुणांची भाषा शिकायला तयार होते, लगेच तीच चेष्टेचा विषय होते आणि शाळेत यायचे बंद करते. चौथ्या वर्तुळातून आत पाऊल टाकण्याची किंमत किती, हे साहाराच्या रिकाम्या खुर्चीवरून वर्गाला कळते आणि त्यानंतर कोणी ते पाऊल टाकत नाही. या तिघींना समोर ठेवले की ‘बघणाऱ्यांनी मदत का केली नाही’ हा सोपा आणि थोडा ढोंगी प्रश्न आपोआप अवघड होतो. आमच्या वर्गात सर्वाधिक राग शोयावर नव्हे तर कावाईवर निघाला. मला स्वतःला तिची थोडी भीती वाटली, कारण शिक्षक म्हणून मी अनेकदा तिच्याइतकेच बोलून तिच्याइतकेच केले आहे.

कोणाला केव्हा माहीत होते

दुसऱ्या वाचनात एक वेगळे पान करावे आणि त्यावर कथेतल्या प्रत्येक मोठ्या माणसाचे नाव लिहून त्याच्यापुढे दोनच गोष्टी नोंदवाव्यात: त्याला केव्हा कळले आणि त्यानंतर त्याने पहिले वाक्य काय उच्चारले. बहुतेक जपानी कथांत हे पान लवकर भरते आणि भरताना हात जड होतो.

मिझुकी त्सुजिमुरा यांच्या ‘कागामी नो कोजो’ या २०१७ च्या कादंबरीला पुढच्या वर्षी जपानच्या पुस्तकविक्रेत्यांचा पुरस्कार मिळाला. तिची नायिका कोकोरो वर्गातल्या मुलींच्या टोळीमुळे शाळेत जाणेच सोडते. तिच्या वर्गशिक्षकाला हे दोन मुलींमधले भांडण वाटते आणि दोघींनी समजुतीने घ्यावे असा त्याचा सूर असतो. आपल्याकडच्या ‘दोघांनी हात मिळवा आणि बसा जागेवर’ या निवाड्याची इथे आठवण व्हावी. आरशापलीकडच्या वाड्यात तिला आणखी सहा मुले भेटतात, त्यांतली बहुतेक शाळेत न जाणारी, आणि तो वाडा नेमका शाळेच्या वेळेत, सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच, उघडा असतो. अद्भुताचा भाग म्हणून हे वाचून पुढे जाऊ नये. घरी बसलेल्या मुलाला सर्वांत जड जाणारे तास तेच असतात, आणि लेखिकेने दार त्याच तासांना उघडले आहे.

चिका उमिनो यांच्या ‘सान-गात्सु नो लायन’ या मांगामध्ये हिनाता ही मुलगी वर्गाने एकट्या पाडलेल्या मैत्रिणीची साथ देते. मैत्रीण शेवटी गाव सोडून जाते आणि वर्गाचा रोख हिनातावर येतो. रडत असतानाही आपण केले ते चुकीचे नव्हते यावर ती ठाम राहते, आणि तिचे आजोबा तिला गप्प बसायला न सांगता तिचे कौतुक करतात. वर्गशिक्षिका विषय टाळत राहते. पुढे वर्षप्रमुख शिक्षक सूत्रे हातात घेतो तेव्हा मोठ्या माणसाने काम करणे म्हणजे काय हे पानेच्या पाने दिसते, पालकांच्या बैठका, चिडलेली आई, काहीच न वाटणारी मुलगी, सगळे. आणि तरीही माफीच्या प्रसंगातून हिनाताला हवे ते मिळत नाही. या विषयावर मी वाचलेल्यांपैकी ही सर्वांत प्रौढ हाताळणी वाटते. फक्त एक गोष्ट शिकवायची असेल तर मी हाच भाग घेईन.

गोष्ट कोणाच्या तोंडून आणि कुठे संपते

‘कोए नो कताची’ त्रास देणाऱ्याच्या बाजूने सांगितली आहे. त्यामुळे वाचकाची सहानुभूती शोयाकडे जाते आणि सतत ‘माफ करा’ म्हणणारी शोको कधीकधी त्याच्या प्रायश्चित्ताचे साधन होऊन बसते. ही तक्रार रास्त आहे आणि कथा आवडली तरी ती मुलांसमोर मांडावी. तपासण्याचा उपाय सोपा आहे. एखादा प्रसंग उचलून तो दुसऱ्या वर्तुळातल्या माणसाच्या तोंडून पुन्हा लिहून पाहायचा. आमच्या वर्गात हे लेखन अहिराणीत करण्याची मुभा दिली होती, आणि ज्या मुलांना पहिल्या आठवड्यात ‘माझी आई’ऐवजी ‘मन्ही माय’ म्हटल्याबद्दल शहरी मुलांनी हसून घेतले होते त्यांचेच लेखन सर्वांत जिवंत उतरले. हसणारे कोण होते हे त्यांनी नावे न घेता त्यात लिहिले होते, हेही सांगितले पाहिजे.

मिएको कावाकामी यांची २००९ ची ‘हेवन’ ही कादंबरी सोसणाऱ्याच्या तोंडून येते. तिरळ्या डोळ्यांचा चौदा वर्षांचा निवेदक आणि त्याची मैत्रीण कोजिमा एकमेकांना चिठ्ठ्या लिहितात. कोजिमा आपल्या सोसण्याला अर्थ आहे असे मानते, तर मोमोसे हा त्रास देणाऱ्यांपैकी मुलगा थंडपणे सांगतो की त्याला काही अर्थबिर्थ नाही. ही कादंबरी नववीच्या मुलांना देऊ नये, मोठ्यांनी वाचावी. मोमोसेचे बोलणे वाचताना त्याला खोडून काढायची घाई करू नये, कारण लेखिकेने त्याला सोपे उत्तर दिलेले नाही.

योको कामिओ यांच्या १९९२ मध्ये सुरू झालेल्या ‘हाना योरी दांगो’ या मांगात श्रीमंत मुलांची चौकडी कपाटात लाल चिठ्ठी लावते आणि अख्खी शाळा त्या विद्यार्थ्यावर तुटून पडते. पुढे त्या चौकडीचा म्होरक्याच नायिकेचा प्रियकर होतो. इथे वाचकाने हट्टाने आधीच्या लाल चिठ्ठ्यांची आठवण ठेवावी. ज्यांना त्या मिळाल्या त्यांचे काय झाले, हे प्रेमकथेच्या ओघात बुडून जाते. कानाए मिनातो यांच्या ‘कोकुहाकु’सारख्या सूडकथांत उलटे होते. तिथे वाचक सूडाच्या बाजूने इतका ओढला जातो की वर्गाने अपराध्याला दिलेला त्रास त्याला न्याय वाटू लागतो. असे वाटले की तो प्रसंग चार वर्तुळांत घालून पाहावा.

कचेरीतला त्रास हा वेगळा, मोठा विषय आहे. त्याला तिकडे ‘पावाहारा’ म्हणतात, २०२० पासून मोठ्या कंपन्यांना तो रोखण्याचे बंधन आहे, आणि ‘हांझावा नाओकी’सारख्या मालिका त्याच्यावर चालल्या. शाळेच्या कथांसाठी त्यातले एकच लक्षात ठेवावे, की ज्येष्ठाला ‘सेम्पाइ’ म्हणायची शिस्त शाळेच्या क्रीडामंडळातच लागते. पात्रे एकमेकांना आडनावाने, ‘सान’ हा आदराचा प्रत्यय लावून की टोपणनावाने हाक मारतात याकडे कान ठेवावा. टोपणनाव कोणी दिले हे शोधले तर बहुधा त्रासाची पहिली तारीख सापडते, आणि खानदेशात नावे ठेवण्याची हौस किती आहे हे आपल्याला वेगळे सांगायला नको.

आकडे आणि त्यांची फसगत

कथा वाचून झाल्यावर ‘जपानी लोक असेच’ असे वाक्य वर्गात येतेच. त्याला आकड्यांनी उत्तर द्यावे, पण आकडे जपून वापरावेत. जपानच्या शिक्षण मंत्रालयाने २०२३ च्या शैक्षणिक वर्षात शाळांमधली इजिमेची ७,३२,५६८ प्रकरणे नोंदवली. हा आकडा प्रचंड आहे, पण तो नोंदींचा आहे. २००५ मध्ये नोंदी सुमारे २० हजार होत्या आणि २००६ मध्ये सुमारे १ लाख २५ हजार झाल्या. एका वर्षात मुले सहापट दुष्ट झाली नव्हती, व्याख्या बदलून सोसणाऱ्याच्या बाजूने केली गेली होती. शिगा प्रांतातल्या ओत्सु शहरात २०११ मध्ये एका तेरा वर्षांच्या मुलाने आत्महत्या केल्यावर शाळेच्या आणि शिक्षण मंडळाच्या वागण्यावर देशभर संताप उसळला, दोन वर्षांत कायदा झाला आणि नोंद करणे हे शाळेचे कर्तव्य मानले जाऊ लागले. एखाद्या देशात या विषयावर शेकडो कथा असणे, हेही त्या देशाने तो विषय बोलायला घेतल्याचे लक्षण असू शकते. आपल्याकडे शालेय त्रासावरच्या कथा मोजायला बसलो तर बोटे पुरून उरतील, आणि त्याचा अर्थ आपल्या वर्गांत शांतता आहे असा मी तरी घेणार नाही.

मुलांसोबत बसताना

या कथांत आत्महत्येचे उल्लेख वारंवार येतात, ‘कोए नो कताची’तही येतात. म्हणून काहीही दाखवण्यापूर्वी मोठ्याने ते पूर्ण पाहिलेले असावे, पालकांना आधी सांगावे, आणि ज्या दिवशी तसा प्रसंग आहे त्या दिवशी वाचन संपल्यावर मुलांना लगेच घरी पाठवू नये. चर्चा पात्रांपुरती ठेवावी. ‘तुमच्यापैकी कोणाला असा त्रास झाला आहे’ असे सर्वांसमोर कधीही विचारू नये, कारण त्रास देणाराही त्याच खोलीत बसलेला असू शकतो. कोणी आपणहून सांगायला आले तर वही मिटावी, बाजूला बसून ऐकावे, हात मिळवायला लावू नये, आणि पुढे काय करणार हे त्याला विचारून ठरवावे. चाइल्डलाइनचा १०९८ आणि मानसिक आरोग्यासाठी टेलि-मानसचा १४४१६ हे क्रमांक फळ्याच्या कोपऱ्यात पहिल्या दिवसापासून लिहून ठेवावेत, म्हणजे ते नेमके कोणासाठी लिहिले असे कोणाला वाटत नाही.

क्रम म्हणून आधी ‘डोरेमॉन’चे दोन भाग, मग हिनाताचा भाग आणि शेवटी ‘कोए नो कताची’ असा ठेवावा. हा चित्रपट दोन तासांहून थोडा मोठा आहे, तेव्हा तो दोन बैठकींत दाखवावा आणि पहिली बैठक शोको शाळा सोडून जाते तिथे थांबवावी. मुले कुरकुरतात, कुरकुरू द्यावे. आमच्याकडे दुसऱ्या दिवशी सकाळी ती प्रश्न विचारणारी विद्यार्थिनी लवकर आली आणि चित्र थांबवून त्या सहावीच्या वर्गातली, ज्यांना कथेत नावच नाही अशी मुले मोजत बसली. तिने तो आकडा चौथ्या वर्तुळात लिहिला आणि त्याच्या शेजारी कंसात आपल्या स्वतःच्या वर्गाचा पट लिहिला.